बहुरूप्याच्या पुसलेल्या फिती : पॅट्रिक ट्राउटन यांची कारकीर्द

१/ ऑक्टोबर २०१३ मध्ये बीबीसीने एक घोषणा केली. नायजेरियातील जॉस शहरातल्या एका दूरचित्रवाणी केंद्राच्या साठवणीच्या खोलीत १६ मिलिमीटरच्या फितींचे डबे सापडले होते. त्यांत 'डॉक्टर हू' या मालिकेचे असे ९ भाग होते, जे कायमचे नष्ट झाले असेच सर्वांनी गृहीत धरले होते. त्या भागांच्या नायकाला जाऊन तेव्हा २६ वर्षे झाली होती. त्यांचे नाव पॅट्रिक ट्राउटन. हा धागा त्यांच्याविषयी आहे, आणि पोटासाठी राबणाऱ्या नटाच्या कामाचे इतिहासात नेमके काय उरते, याविषयीही.

२/ ब्रिटिश दूरचित्रवाणीचा इतिहास बहुधा ताऱ्यांच्या नावांनी सांगितला जातो. परंतु तो उभा राहिला तो दुसऱ्याच एका वर्गाच्या खांद्यावर. या आठवड्यात पोलीस निरीक्षक, पुढच्या आठवड्यात पाद्री, त्यानंतर एखादा भुरटा चोर. प्रेक्षकाला चेहरा ओळखीचा वाटतो, नाव मात्र आठवत नाही. आपल्याकडचा बहुरूपी दारात येतो तेव्हा त्याचे खरे नाव कोण विचारतो? सोंग वठले की नाही, एवढेच पाहिले जाते. ट्राउटन या जातीचे नट होते आणि ही अनामिकता त्यांना मनापासून हवी होती.

३/ त्यांचा जन्म २५ मार्च १९२० रोजी लंडनच्या उत्तरेकडील मिल हिल येथे झाला. वडील वकिली व्यवसायातले, घर सुस्थितीतले. शाळेनंतर त्यांनी लंडनच्या एम्बसी नाट्यशाळेत शिक्षण घेतले. पुढे शिष्यवृत्ती मिळाली आणि ते अमेरिकेत, न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवरील एका नाट्यसंस्थेत दाखल झाले. तिथे असतानाच, १९३९ साली, महायुद्धाला तोंड फुटले.

४/ मायदेशी परतताना ते ज्या बेल्जियन जहाजावर होते, ते इंग्लंडचा किनारा जवळ आला असताना सुरुंगावर आदळून बुडाले. ट्राउटन जीवरक्षक होडीतून बचावले. काही काळ एका नाटकमंडळीत काम करून १९४० मध्ये ते शाही नौदलात भरती झाले. पुढे उत्तर समुद्रात तोफधारी मोटरनौकांवर त्यांनी सेवा केली, एका नौकेचे नेतृत्वही केले. युद्धवृत्तांत त्यांच्या कामगिरीची नोंद झाली. त्या समुद्रावरच्या थंडीत ते डोक्यावर चहाच्या किटलीचे लोकरी आवरण चढवून वावरत, अशी आठवण त्यांच्याविषयी सांगितली जाते.

५/ युद्धकाळात बंद ठेवलेली बीबीसीची दूरचित्रवाणी जून १९४६ मध्ये पुन्हा सुरू झाली. पुढच्याच वर्षापासून ट्राउटन पडद्यावर दिसू लागले. तेव्हाचे दूरचित्रवाणी नाटक म्हणजे थेट प्रक्षेपण. नट कॅमेऱ्यासमोर नाटक करीत आणि त्याच क्षणी ते घराघरांत दिसे. रविवारी सादर झालेले नाटक प्रेक्षकांना गुरुवारी पुन्हा दाखवायचे, तर नटांनी गुरुवारी पुन्हा येऊन ते सगळे नव्याने करायचे. 'पुनःप्रक्षेपण' या शब्दाचा त्या काळचा अर्थ हा असा होता.

६/ म्हणूनच त्यांच्या सुरुवातीच्या कामाविषयी इतिहासकाराच्या हाती फारसे काही लागत नाही. ते काम कुणी नष्ट केले असेही नाही. बरेचसे कधी मुद्रितच झाले नव्हते. ट्राउटन यांना त्याची खंत होती असे दिसत नाही. उलट हे माध्यम त्यांना फार आवडे. रंगभूमीला ते थट्टेने संध्याकाळचा आरडाओरडा म्हणत. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवण्याची सक्ती त्यांना जाचे. कॅमेरा हातभर अंतरावर येतो, तिथे नुसती नजर वळवली तरी प्रवेशाचा अर्थ बदलतो. त्यांची कला या अंतराची होती.

७/ चित्रपटांतही ते असेच कोपऱ्यातून डोकावतात. लॉरेन्स ऑलिव्हिए यांच्या १९४८ च्या 'हॅम्लेट'मध्ये ते राजा झालेला नट आहेत, म्हणजे नाटकातल्या नाटकातले पात्र. त्यांच्याच १९५५ च्या 'रिचर्ड तिसरा'मध्ये ते मारेकरी टिरेल आहेत. १९६३ च्या 'जेसन अँड द आर्गोनॉट्स'मध्ये ते आंधळे द्रष्टे फिनियस झाले. पंख असलेल्या राक्षसिणी त्यांच्या ताटातले अन्न ओरबाडून नेतात, तो प्रवेश ज्यांनी पाहिला असेल त्यांना तो विसरता येणार नाही. मात्र ते आंधळे म्हणजे ट्राउटन, हे त्यांतल्या किती जणांना ठाऊक असेल?

८/ १९५३ मध्ये बीबीसीने रॉबिन हूडची कथा सहा भागांत सादर केली. दूरचित्रवाणीवर अवतरलेला पहिला रॉबिन हूड म्हणजे पॅट्रिक ट्राउटन. दोनच वर्षांनी नव्या आयटीव्ही वाहिनीवर रिचर्ड ग्रीन यांची रॉबिन हूड मालिका आली आणि जगभर गाजली. त्या मालिकेत ट्राउटन यांनीही कामे केली, पण पाहुण्या नटाची. काल जो नायक होता तो आज त्याच कथेत किरकोळ पात्र होऊन आला. ताऱ्याला हे अपमानास्पद वाटले असते. कामकरी नटासाठी ते आठवड्याचे वेतन होते.

९/ त्या काळात लंडनमध्ये जॉन क्युरा नावाचा एक छायाचित्रकार होता. त्याचा व्यवसाय विलक्षण होता. घरी दूरचित्रवाणी संचासमोर कॅमेरा लावून तो चालू कार्यक्रमाची छायाचित्रे टिपायचा आणि ती नट-दिग्दर्शकांना विकायचा. गिऱ्हाईक मिळत, कारण आपण हे काम केले होते याचा दुसरा कोणताच पुरावा नटाकडे नसे. पुढे याच इवल्या छायाचित्रांना केवढे मोल येणार आहे, याची कल्पना तेव्हा कुणालाही नव्हती.

१०/ १९६२ च्या अखेरीस बीबीसीने डिकन्सची 'द ओल्ड क्युरिऑसिटी शॉप' ही कादंबरी मालिकारूपात आणली. तिच्यातला क्विल्प हा क्रूर, खुजा, विकट हसणारा सावकार ट्राउटन यांनी साकारला. पुढे १९६५ मध्ये डिकन्सच्याच 'अ टेल ऑफ टू सिटीज'मध्ये ते तुरुंगवासाने मन मोडलेले डॉक्टर मॅनेट झाले. एकाच लेखकाची दोन टोकांची दोन माणसे एकाच नटाने उभी केली. आज ती शेजारी ठेवून पाहावीत असे वाटते. परंतु ते शक्य नाही, कारण क्विल्पच्या फिती उरलेल्या नाहीत.

११/ १९६६ च्या उन्हाळ्यात बीबीसीपुढे एक अडचण उभी राहिली. नोव्हेंबर १९६३ पासून चाललेली 'डॉक्टर हू' ही मुलांची लाडकी मालिका. काळातून आणि अवकाशातून प्रवास करणारा एक गूढ परग्रहवासी म्हातारा तिचा नायक होता. ती भूमिका करणारे विल्यम हार्टनेल यांची प्रकृती ढासळत चालली होती. मालिका बंद करावी तर लोकप्रियता मोठी, चालू ठेवावी तर नायक नाही. निर्माते इनेस लॉइड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तोडगा काढला : नायक परग्रहवासी आहे, तेव्हा त्याचे शरीरच बदलू दे.

१२/ आता हे काम करणार कोण? हार्टनेलसारखा दिसणारा नट शोधला असता तर नक्कल झाली असती. हवा होता तो पूर्णपणे वेगळा माणूस उभा करूनही प्रेक्षकाला 'हा तोच आहे' हे पटवू शकणारा नट. ट्राउटन तेव्हा आयर्लंडमध्ये 'द व्हायकिंग क्वीन' या चित्रपटाचे चित्रीकरण करीत होते. बीबीसीचा निरोप आला तेव्हा त्यांचे उत्तर नकाराचे होते. ही मालिका आता फार चालणार नाही, असे त्यांना वाटत होते. आणि एकाच भूमिकेचा शिक्का बसण्याची धास्ती तर कायमचीच होती.

१३/ बीबीसीने पिच्छा सोडला नाही, मोबदला वाढत गेला आणि अखेर त्यांनी होकार दिला. पण मग त्यांनी सुचवलेली रूपे पाहा : गलबताचा व्हिक्टोरियाकालीन कप्तान, नाहीतर काळा रंग फासून, दाढी लावून, फेटा बांधलेला कुणी पौर्वात्य. दुसरी कल्पना आज खटकते, पण त्या काळच्या ब्रिटिश करमणुकीत अशी सोंगे सर्रास चालत. त्यांचा हेतू साधा होता. मालिका संपली की रंग पुसावा, दाढी काढावी आणि आपल्याला कुणी ओळखू नये. देशातली एक अत्यंत प्रसिद्ध भूमिका स्वीकारताना हा माणूस प्रसिद्धीतून निसटायची वाट आधी शोधत होता.

१४/ बीबीसीच्या नाट्यविभागाचे प्रमुख सिडनी न्यूमन यांनी वेगळीच दिशा दिली : अवकाशात भटकणारा एक फिरस्ता करा. ढगळ कोट, चुरगळलेली विजार, विस्कटलेले केस आणि हातात रेकॉर्डर नावाची साधी बासरी. २९ ऑक्टोबर १९६६ रोजी हार्टनेल यांचा चेहरा पडद्यावर विरला आणि तिथे ट्राउटन यांचा चेहरा उमटला. हार्टनेल यांचा डॉक्टर करारी आणि तिखट आजोबा होता. हा नवा डॉक्टर विदूषकासारखा वागे, भ्यायल्याचे सोंग करी आणि समोरचा बेसावध झाला की मघापासून कोण कोणाला खेळवत होते ते कळे.

१५/ या बदलाचे महत्त्व त्या मालिकेपुरते नाही. एकच पात्र, नवा नट, नवा स्वभाव, आणि कथा मात्र तीच पुढे चालू. प्रेक्षकांनी हे स्वीकारले म्हणून ती मालिका आजवर जगली आणि पुढे एकामागून एक नट त्या भूमिकेत आले. तो पहिला प्रयोग फसला असता तर दुसरा झालाच नसता. आणि तो यशस्वी केला तो वीस वर्षे दर आठवड्याला नवे सोंग घेण्याची सवय झालेल्या नटाने.

१६/ त्याची किंमतही होती. मालिका वर्षातले चाळीसहून अधिक आठवडे चाले. आठवडाभर तालीम, अखेरीस ध्वनिचित्रमुद्रण, आणि दुसऱ्या दिवसापासून पुढच्या भागाची संहिता. फीत कापून जोडणे खर्चाचे होते, म्हणून प्रवेश शक्यतो सलग मुद्रित करीत, चूक परवडत नसे. अशा गतीने तीन वर्षांत डॉक्टर म्हणून ट्राउटन यांच्या वाट्याला ११९ भाग आले. जून १९६९ मध्ये, दहा भागांच्या 'द वॉर गेम्स' या कथेनंतर, ते थांबले. श्रम झेपेनासे झाले होते आणि शिक्क्याची धास्ती अजूनही गेली नव्हती.

१७/ त्याच सुमारास त्यांचे काम पुसले जाऊ लागले. याला कुणा खलनायकाची गरज पडली नाही. तेव्हाची दोन इंच रुंद चित्रफीत महाग होती आणि पुसून पुन्हा वापरता येत असे. रंगीत प्रक्षेपण आल्यावर कृष्णधवल मालिका पुन्हा कोण पाहणार, असा व्यवहारी विचार झाला. परदेशी विक्रीसाठी काढलेल्या १६ मिलिमीटर प्रतीही विक्रीचे हक्क संपल्यावर निरुपयोगी ठरल्या आणि नष्ट करण्यात आल्या. हे सारे जपून ठेवण्याची जबाबदारी संस्थेतल्या कोणत्याही एका विभागावर नव्हती.

१८/ आणखी एक कारण होते आणि ते अधिक विचार करायला लावणारे आहे. इक्विटी या नटांच्या संघटनेशी झालेल्या करारांनी पुनःप्रक्षेपणावर कडक मर्यादा घातली होती. नटांची भीती रास्त होती : जुनेच कार्यक्रम पुन्हा पुन्हा दाखवले तर नवे काम कोण देईल? आठवड्याच्या वेतनावर जगणाऱ्या ट्राउटनसारख्या नटांचे हित जपणारे हे कलम. पण जे पुन्हा दाखवता येत नाही ते सांभाळायचे कशाला, असा हिशेब झाला, आणि नटांची रोजी राखणाऱ्या नियमानेच त्यांचे काम पुसण्याला हातभार लावला. १९७८ मध्ये बीबीसीने जतनाचे निश्चित धोरण स्वीकारले, तोवर पुष्कळ काही गेले होते.

१९/ जे उरले ते कसे उरले, हेही पाहण्यासारखे आहे. बीबीसीच्या प्रती एका देशाकडून दुसऱ्या देशाकडे फिरत, काही वाटेतच विसरल्या गेल्या. 'द टूम ऑफ द सायबरमेन' ही अख्खी कथा हाँगकाँगहून परतली आणि १९९२ मध्ये प्रेक्षकांपुढे आली. ऑस्ट्रेलियात मुलांना भीतिदायक म्हणून अभ्यवेक्षकांनी कापलेले तुकडे सरकारी दप्तरात पडून होते, ते १९९६ मध्ये मिळाले. मूळ भाग गेले, त्यांतले दाखवण्यास मनाई असलेले क्षण तेवढे वाचले. घरोघरच्या मुलांनी दूरचित्रवाणीसमोर ध्वनिमुद्रक धरून आवाज टिपला होता, त्यामुळे हरवलेल्या प्रत्येक भागाचा आवाज आज उपलब्ध आहे. आणि मदतीला आहेत जॉन क्युराची छायाचित्रे.

२०/ इकडे ट्राउटन पुन्हा गर्दीत मिसळले. १९७० च्या 'द सिक्स वाइव्ह्ज ऑफ हेन्री द एट्थ'मध्ये ते नॉरफोकचे ड्यूक झाले : भाच्या-पुतण्यांना राजाच्या शय्येपर्यंत पोहोचवणारा आणि वारे फिरताच हात झटकणारा दरबारी. १९७६ च्या 'द ओमेन' चित्रपटात ते भेदरलेले फादर ब्रेनन आहेत. 'द फेदर्ड सर्पंट'मध्ये ॲझ्टेक पुरोहित, आणि १९८४ च्या 'द बॉक्स ऑफ डिलाइट्स'मध्ये कठपुतळ्यांचा खेळ करणारे गूढ वृद्ध कोल हॉलिंग्ज. डॉक्टरचा शिक्का बसला नाही. ज्याची वीस वर्षे धास्ती घेतली, ते त्यांनी टाळून दाखवले.

२१/ मुलाखती ते शक्यतो टाळत. आपण कोण आहोत हे प्रेक्षकाला जितके कमी माहीत, तितके सोंग खरे वाटते, अशी त्यांची धारणा होती. पुढे त्यांचे पुत्र मायकेल ट्राउटन यांनी लिहिलेल्या चरित्रातून या मौनाची आणखी एक बाजू समोर आली. पहिला संसार मोडून त्यांनी दुसरे घर केले होते आणि ही गोष्ट स्वतःच्या आईपासून अखेरपर्यंत लपवली होती. आईच्या समोर जुन्या संसाराचे चित्र कायम ठेवले जाई. पडद्यावरचे सोंग आठवड्याने उतरत असे. हे सोंग कित्येक वर्षे चालले, आणि त्याचा भार दोन्ही घरांनी वाहिला.

२२/ उतारवयात मात्र ते थोडे मोकळे झाले. १९८३ आणि १९८५ मध्ये ते डॉक्टरच्या भूमिकेत पाहुणे म्हणून परतले, चाहत्यांच्या मेळाव्यांना जाऊ लागले. दोनदा हृदयविकाराचे झटके येऊनही काम थांबले नाही. २८ मार्च १९८७ रोजी, अमेरिकेतील जॉर्जिया राज्यात कोलंबस येथे अशाच एका मेळाव्यासाठी गेले असता त्यांचे निधन झाले. ६७ वर्षे पूर्ण होऊन तीन दिवस झाले होते. 'द टू ऑफ अस' ही त्यांची विनोदी मालिका तेव्हा चालू होती. त्यांची आजोबांची भूमिका पुढे दुसऱ्या नटाने केली. कामकरी नटाच्या जगात असेच होते.

२३/ आता जॉसच्या डब्यांकडे येऊ. त्यांत 'द एनिमी ऑफ द वर्ल्ड' ही १९६७-६८ ची सहा भागांची कथा पूर्ण करणारे भाग होते. तिच्यात ट्राउटन यांची दुहेरी भूमिका आहे : डॉक्टर, आणि त्याच्यासारखाच दिसणारा सत्तापिपासू सालामांडर. कथेत डॉक्टर सालामांडर असल्याचे भासवतो, आणि शेवटी सालामांडर डॉक्टर असल्याचे. म्हणजे एका नटाच्या चार भूमिका. सालामांडर झालेल्या डॉक्टरमध्ये किंचित चाचपडणे दिसते, खऱ्या सालामांडरमध्ये ते नाही. हा फरक केवळ खांद्यांच्या ठेवणीतून आणि नजरेतून कळतो. आवाजाच्या फितीत आणि स्थिर छायाचित्रांत तो कळण्याचा संभवच नव्हता.

२४/ २०१३ पर्यंत या कथेचा केवळ तिसरा भाग उपलब्ध होता. त्या एका भागावरून अख्ख्या कथेला संथ आणि कंटाळवाणी ठरवले गेले होते. पूर्ण कथा समोर आल्यावर बहुतेकांनी मत बदलले. इतिहासाच्या अभ्यासकाने हे ध्यानात ठेवावे असे आहे. आपण अनेकदा उरलेल्या तुकड्याचे मूल्यमापन करतो आणि ते गेलेल्या अखंडावर लादतो. दुय्यम ठरवलेल्या किती नटांचे, लेखकांचे, कारागिरांचे दुय्यमपण हे खरोखर त्यांचे होते, आणि किती आपल्या दप्तरखान्याचे?

२५/ त्यांचे दोन पुत्र, डेव्हिड आणि मायकेल, नट झाले. नातू सॅम ट्राउटन २००६ च्या बीबीसीच्या रॉबिन हूड मालिकेत 'मच' या पात्राच्या रूपात दिसला. डॉक्टर म्हणून त्यांच्या वाट्याला आलेल्या ११९ भागांपैकी पन्नासहून अधिक आजही बेपत्ता आहेत. त्यांची पहिली संपूर्ण कथा, ५ नोव्हेंबर १९६६ पासून दाखवलेली 'द पॉवर ऑफ द डालेक्स', तर सहाच्या सहा भागांनी गेली आहे. तिचा आवाज आहे, क्युराची छायाचित्रे आहेत, आणि काही सेकंदांचे तुकडे आहेत.

२६/ २०१६ मध्ये, बरोबर ५० वर्षांनी, तिच्या मूळ ध्वनिफितीवर चित्रे रेखाटून ती ॲनिमेशनच्या रूपात आणली गेली. संवाद ट्राउटन यांचे आहेत, बासरी आहे, तालही तोच आहे. पण नवा माणूस प्रथमच जगासमोर उभा राहताना त्या चेहऱ्यावर काय उमटले होते, ते आज कुणालाही पाहता येत नाही. आपला चेहरा कुणी लक्षात ठेवू नये असे त्यांना वाटे. आपले काम कुणी पाहू नये असे मात्र त्यांनी कधीच म्हटले नव्हते.